बेचाळिसावं थडगं

टेंभुरदरा (नवं गावठाण), ता. घाटंजी
२ मार्च २००६

प्रिय सुनीती,

सप्रेम जयभीम.

आधी चांगली बातमी. नोव्हेंबरात तू नागपूरच्या कोर्टातून आणलेला हुकूम सरकारने शेवटी पाळला. धरणाच्या बुडितात जाणाऱ्या आमच्या जुन्या मसणवटीतली एकेचाळीसही थडगी उकरून नव्या गावठाणाच्या मसणवटीत आणली. पुनर्वसनाच्या ऑफिसचा एक कारकून, एक ट्रॅक्टर आणि बाहेरगावचे सहा मजूर. १० ते १३ फेब्रुवारी, चार दिवस काम चाललं. प्रत्येकाच्या नव्या जागेवर सिमेंटचा खुंट रोवला आणि त्यावर लाल रंगात नंबर टाकला. नंबर माझ्याच यादीप्रमाणे. ती यादी मी किती दिवस बसून केली होती ते तुला ठाऊक आहे.

पहिल्या दिवशी कुदळ लागायच्या आधी आमच्या वस्तीतले सगळ्यात म्हातारे, बापूजी, मध्ये येऊन उभे राहिले. म्हणाले, "ज्यायले हलवाचं हाय, त्यायले आधी सांगा लागते." मग त्यांनी मला कोर्टाचा हुकूम मोठ्याने वाचायला लावला. कारकून हसला. मी मात्र वाचला, पहिल्या ओळीपासून तुझ्या नावापर्यंत, थडग्यांच्या मधोमध उभी राहून. का कोण जाणे, अवघड शब्द मी दोन दोनदा वाचले. अंगणवाडीत पोरांना वाचून दाखवते तसे.

माझ्या सासूबाई, आम्ही त्यांना आत्याबाई म्हणायचो, त्यांचा नंबर सतरा. त्यांना ११ तारखेला काढलं. त्या गेल्या त्याला आठ वर्षं झाली. त्यांना काढलं तेव्हा हे शेतात होते. जमीन सरकारजमा झाली तरी पऱ्हाटी उभी होती आणि शेवटचा कापूस झाडावर कोण सोडतो? म्हणून खड्ड्याशी मी एकटीच होते. नव्या जागी माती लोटली, वंदना म्हटली, घरी आले.

आता एक विचारायचं आहे. गावातल्या एका बाईचं एक थडगं यादीत आलं नाही. ते मसणवटीत नव्हतंच, दुसरीकडे होतं. त्याचं आता काही करता येतं का? तशी घाई नाही. म्हणजे आहे. मे महिन्यात धरणाची मधली घळ भरून बांध पुरा करणार म्हणतात. मग पाऊस झाला की तो भाग बुडेल.

फोन करू नकोस. गावात एकच फोन, देवीलालच्या दुकानात, आणि बोलणं सगळं दुकान ऐकतं. पत्रच लिही.

तुझी,
नलू


नागपूर
१० मार्च २००६

प्रिय नलू,

तुझं पत्र वाचून फार बरं वाटलं. कापसाने घात केल्यापासून तुमच्या जिल्ह्यात पुढारी, पत्रकार, पाहणी पथकं यांची रीघ लागली आहे. त्या गर्दीत एकेचाळीस थडग्यांकडे कोणी बघेल असं मला वाटलं नव्हतं. कोर्टात निकाल मिळणं वेगळं आणि तो जमिनीवर उतरणं वेगळं, हे या धंद्यात वीस वर्षं काढल्यावर कळतं.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर. यादी संपली म्हणून सरकार हात झटकेल, तेव्हा नवी याचिका करावी लागेल. पण आपल्या बाजूने एक गोष्ट आहे. हुकूम मागताना मी मुद्दाम "यादीतील" असं न म्हणता "सर्व दफनस्थळे" असं म्हटलं होतं आणि कोर्टाने तोच शब्द ठेवला. त्या शब्दावर उभं राहता येईल. मला त्या बाईचं नाव हवं, मृताचं नाव, वर्ष, आणि नेमकी जागा. उन्हाळ्याच्या सुट्टीआधी दाखल व्हायला हवं, म्हणून लवकर कळव.

आणि एक, रागावू नकोस. शाळेत तू बाईंच्या हजेरीपटातली बेरीज तपासून त्यांना चूक दाखवायचीस. मी शेजारी बसून शरमेने मरायची. तुझ्या यादीत एक राहिलं कसं?

तुझी,
सुनीती


टेंभुरदरा
१९ मार्च २००६

प्रिय सुनीती,

राहिलं नाही. मी लिहिलं नाही. ती बाई मीच.

१९८६ साली ऑक्टोबरात तुझं लग्न झालं. मी आले नाही, ताप आला म्हणून कळवलं होतं. ताप नव्हता. मला सातव्या महिन्यात मुलगी झाली होती. सकाळी झाली आणि दिवस मावळायच्या आत गेली. हे तेव्हा यवतमाळला जिनिंगमध्ये कामाला होते. आत्याबाईंनी तिला फडक्यात गुंडाळलं आणि एकट्याच घेऊन गेल्या. इतक्या तान्ह्या पोरांना मसणवटीत नेत नसत. परत आल्या, हातपाय धुतले, चुलीला लागल्या. मी रडत होते तर म्हणाल्या, "नाव नाही ठेवलं तिचं. मंग रडतं कोणाले?"

त्यानंतर बारा वर्षं आम्ही दोघी एका चुलीवर होतो. तो विषय पुन्हा निघाला नाही. त्यांनी मला वाईट वागवलं असं मी कधी म्हणणार नाही. माझ्या अंगणवाडीच्या ट्रेनिंगला सासऱ्यांचा विरोध मोडून पाठवलं त्यांनीच. पण ते एक वाक्य माझ्या अंगात राहिलं. १९९८ साली, जायच्या महिनाभर आधी, एका दुपारी त्या काठी टेकत मला बाहेर घेऊन गेल्या आणि तिची जागा दाखवली. सोबत काय पुरलं होतं तेही सांगितलं. बस्स, एवढंच. परत येताना पऱ्हाटीवरच्या अळीबद्दल बोलत आल्या.

यादी करताना पहिल्याच रकान्यापाशी माझा हात थांबला. मृताचे नाव. ज्याला नावच नाही ते माणूस यादीत कसं घालायचं? मी पुढचं लिहायला घेतलं. आता चाळीस जणांच्या घरची माणसं वर आली आणि आत्याबाईही आल्या. तीच तेवढी खाली राहिली.

मुलगी झाली होती हे ह्यांना माहीत आहे, जागा माहीत नाही. ती मी कागदावर लिहिणार नाही, तुझ्या कागदावरसुद्धा नाही. साहेब लोक आले तर पुढे चालत जाऊन दाखवीन.

नलू


नागपूर
३ एप्रिल २००६

प्रिय नलू,

याचिका आज दाखल झाली. वकालतनाम्यावर तुझी सही वेळेत पोचली.

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. लग्नाला आली नाहीस म्हणून मी दोन वर्षं तुझ्यावर फुगून होते आणि एकदा यवतमाळच्या बसस्टँडवर तू हात केलास तर न बघितल्यासारखं केलं होतं. त्याबद्दल आता काय लिहू?

तुझ्या म्हणण्याप्रमाणे जागेपुढे मी लिहिलं आहे, "अर्जदार समक्ष दाखवील." मृताच्या नावापुढे, "नाव ठेवलेले नाही." तिच्याबरोबर काय पुरलं होतं ते तू मला सांगितलं नाहीस, मी विचारलंही नाही. कागदात त्यातलं काही नाही. सरकारला उत्तर द्यायला चार आठवडे दिले आहेत. अधिकारी जागा बघायला येतील, तेव्हा घाबरू नकोस.

तुझी,
सुनीती


नागपूर
४ मे २००६

प्रिय नलू,

सरकारचं शपथपत्र आलं आहे आणि मी सकाळपासून एका जागी बसलेली नाही.

ते म्हणतात, हे थडगं आम्ही १४ फेब्रुवारीलाच हलवलं. आधीच्या हुकुमात "सर्व" असा शब्द असल्याने यादीत नसूनही हलवलं. हुकुमाचं पालन पूर्ण झालेलं आहे, सबब ही याचिका आता उरत नाही, निकाली काढावी. म्हणजे मी याचिका करायच्या दीड महिना आधी. तू मला पहिलं पत्र लिहायच्याही आधी.

सोबत पंचनाम्याची प्रत जोडली आहे. जसंच्या तसं उतरवते:

"खडकनाल्याच्या दुसऱ्या वळणावर, पश्चिम काठास, बेहड्याच्या झाडाखाली, दोन फूट खोल. मिळालेल्या वस्तू: मातीचे बोळके एक, आत चांदीचा लहान वाळा एक, पिवळ्या फडक्याचा तुकडा. मृताचे नाव: गौतमी. वय: एक दिवसाहून कमी. नवीन जागा: खुंट क्रमांक ४२. जागा दाखवणार व पंच: रुपीबाई डोमाजी नगराळे, रा. टेंभुरदरा, निशाणी डाव्या हाताचा अंगठा."

रुपीबाई म्हणजे तुझ्या आत्याबाई ना? सतराव्या नंबरच्या? नलू, यांनी मेलेल्या बाईचा अंगठा लावला आहे. कुठल्या तरी जुन्या मतदार यादीतून नाव उचललं, झाड, वळण, बोळकं सगळं ऑफिसात बसून रचलं आणि मागची तारीख टाकली. पालन झालं असं दाखवून याचिका बुडवायची ही जुनी रीत आहे. या वेळी मात्र ते सापडले. तुझं शपथपत्र पाठव: ही जागा खोटी, वस्तू खोट्या, नाव खोटं, पंच मयत. सोबत मृत्यूचा दाखला. सुट्टीनंतर १३ जूनची तारीख आहे. मी त्यांना सोडणार नाही.

तुझी,
सुनीती


टेंभुरदरा
१२ मे २००६

प्रिय सुनीती,

शपथपत्र पाठवत नाही. तू जे खोटं म्हणून लिहून दे म्हणतेस, ते खरं आहे.

वळण दुसरंच. काठ पश्चिमेचाच. झाड बेहड्याचं. बोळकं होतं आणि वाळा एकच होता. आत्याबाई म्हणाल्या होत्या, "एकच होता घरात, तोच घातला." हे ह्या जगात त्यांना आणि मला, दोघींनाच माहीत होतं.

गौतमी हे नाव मला माहीत नव्हतं. ते मी तुझ्या पत्रात पहिल्यांदा वाचलं.

पत्र मिळालं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी दहा-अकराच्या सुमाराला मी जुन्या गावाकडे गेले. घरं पाडून नेलेली, नुसते ओटे उरलेत. नाला कोरडा ठक्क. दुसऱ्या वळणाला बेहड्याखाली हातभर रुंदीचा चौकोनी खड्डा आहे. कडा नीट तासलेल्या. आजकालचा नाही, कडेला गवत उगवून उन्हाने वाळूनही गेलं आहे. मी आत हात घालून पाहिला. काही नाही.

तिथून तशीच नव्या मसणवटीत आले. फेब्रुवारीपासून मी चार वेळा तिथे गेले होते, पण दर वेळी सतरापर्यंत जाऊन परत फिरले. या वेळी शेवटपर्यंत गेले. एकेचाळीसच्या पुढे तारेजवळ एक बाभूळ आहे. तिच्या मागे बेचाळीसचा खुंट आहे. तसाच सिमेंटचा, तोच लाल रंग, आकडा काढणारा हातही तोच. पुढे वीतभर उंचीची मातीची ढेप, वरून हाताने थापलेली. बोटं उमटली आहेत. मी शिवले नाही.

१४ फेब्रुवारीला मी गावात नव्हते. घाटंजीला अंगणवाडीची महिन्याची मीटिंग होती. काम १३ तारखेलाच संपलं असं आम्ही सगळे धरून चाललो होतो. मजूर दुसऱ्या दिवशी सामान न्यायला येणार होते एवढंच.

आमच्या घरात भूतखेत, अंगात येणं असलं काही चालत नाही, तुला माहीत आहे. छप्पन साली घरातले देव टोपलीत घालून नाल्यात सोडले ते आत्याबाईंनीच, सासरे अजून विचार करत होते तेव्हा. म्हणून मी काहीच म्हणत नाही. काय पाहिलं तेवढं लिहिते.

नलू


नागपूर
२१ मे २००६

प्रिय नलू,

मी तुझ्यावर अविश्वास दाखवत नाही. पण याला काहीतरी सरळ कारण असणारच. १९९८ साली तुम्ही दोघी नाल्यावर गेलात तेव्हा कोणी गुराखी असेल, कोणी सरपण गोळा करणारी बाई असेल. तिने ऐकलं आणि आता सांगितलं. नाव विचारलं तर रुपीबाईंचं सांगितलं. असं होऊ शकतं.

मी त्या कारकुनाला शोधून फोन लावला. तो आता कापसाच्या नुकसानीच्या सर्वेक्षणावर आहे. मला वाटलं, टाळाटाळ करेल. त्याला पंच आठवत होती. "फार हट्टी म्हातारी होती, मॅडम," इतकंच म्हणाला. मी पुढे काही विचारायच्या आत म्हणाला की तो पंचनामा कायद्याने बरोबर आहे आणि त्याबद्दल त्याला पुन्हा बोलवू नये. आवाजात गुर्मी नव्हती. उलट तो मला विनवतो आहे असं वाटलं.

दोन कामं कर. त्या सहा मजुरांपैकी एक तरी शोध आणि ती बाई कोण होती ते विचार. आणि आत्याबाईंचा अंगठा असलेला एखादा जुना कागद घरात असेल तर पाठव. बाबांचे मित्र चारुदत्तकाका पोलिसांत ठशांचे तज्ज्ञ होते, आता निवृत्त आहेत. त्यांच्याकडून दोन्ही ठसे ताडून घेते. ते जुळले नाहीत की विषय संपला, आपण कोर्टात उभे राहू.

तुझी,
सुनीती


टेंभुरदरा
१ जून २००६

प्रिय सुनीती,

घळ भरून झाली. मशिनी गेल्या.

एक मजूर सापडला. उकंडा त्याचं नाव, पन्नाशीचा आहे, घाटंजीच्या बाजारात दोर विकायला बसतो. मी विचारल्यावर आधी ओळखच देईना. मग दुकान शेजारच्याच्या हवाली करून मला रसवंतीच्या मागे घेऊन गेला आणि उभ्या उभ्या सांगितलं.

१४ तारखेला दुपारी ते जुन्या मसणवटीत कुदळी-फावडी ट्रॉलीत भरत होते. कारकून सावलीत बसून रिपोर्ट लिहीत होता. तेव्हा एक म्हातारी आली आणि एक राहिलं म्हणाली. कारकून म्हणाला, यादी एकेचाळीसची आहे, सगळे झाले. तिने त्याला विचारलं, "हुकुमात यादीतले लिहेल हाय का सर्व लिहेल हाय?" कारकुनाने कागद काढून पाहिला. त्याचं तोंड उतरलं. तरी त्याने तिला विचारलं की तुला वाचता येतं का. ती म्हणाली, नाही, पण परवा सगळ्यायले वाचून दाखवला तो ऐकला.

सुनीती, तो हुकूम मी वाचला तेव्हा समोर आमच्या वस्तीतली वीस-पंचवीस माणसं होती. मी एकेकाला ओळखते. त्यांच्यात अशी म्हातारी कोणी नव्हती.

ती त्यांना नाल्यावर घेऊन गेली. हे खणत होते तोवर उन्हातच उभी राहिली, सावलीला ये म्हटलं तर आली नाही. उकंडाच्या लक्षात राहिलं ते एवढंच, की तिचे पाय घोट्यापर्यंत ओल्या मातीने भरलेले होते. फेब्रुवारीत, कोरड्या नाल्यात. बोळकं निघालं तसं तिने ते हातात घेतलं, पदराने पुसलं आणि पदरातच धरून ट्रॉलीत चढली. सहाही जण तिच्याबरोबर होते. इकडे आल्यावर बाभळीमागची जागा तिनेच दाखवली. माती हाताने लोटली. कारकुनाने पोरीचं आणि तिचं स्वतःचं नाव लिहून घेतलं, शाई लावून अंगठा घेतला आणि घर कोणतं ते विचारलं. तेव्हा ती म्हणाली, "तीन दिवस झाले, इथंच राह्यतो." आणि खुंटांच्या ओळीत आत चालत गेली. त्यांनी ट्रॅक्टर वळवला. उकंडा म्हणाला, सहातल्या एकानेही मागे पाहिलं नाही आणि त्यानंतर ते सहा जण पुन्हा एकत्र कामाला गेले नाहीत.

तीन दिवस म्हणजे ११ तारीख. सतरा नंबर.

माझ्या पिशवीत आत्याबाईंचा फोटो होता. विचारायलाच नेला होता. उकंडाने पिशवीत गेलेला माझा हात पाहिला आणि म्हणाला, "ताई, नका दाखवू." मी हात बाहेर काढला.

सोबत रेशनकार्डाचा १९९७ चा अर्ज आहे. त्यावर त्यांचा अंगठा आहे. पाठवू नये असं दोन दिवस वाटत होतं. पण तू माझ्यासाठी भांडते आहेस, तुझ्यापासून काही लपवणार नाही. कोर्टात काय बोलायचं ते तू ठरव.

नलू


नागपूर
१४ जून २००६

प्रिय नलू,

काल तारीख झाली. आधी काकांचं सांगते.

मूळ पंचनामा मी सरकारी वकिलांकडून एका दिवसापुरता मागून आणला होता. चारुदत्तकाका दोन्ही ठसे भिंगाखाली घेऊन दोन तास बसले. अंगठ्यावर विळ्याची तिरपी जुनी खूण दोन्हीकडे आहे. बाकीच्या रेघाही त्यांनी एकेक करून जुळवल्या आणि म्हणाले, हात एकच. मी म्हटलं, जुन्या कागदावरून उचलला असेल. ते म्हणाले, हा दाबून दिलेला आहे, कागदाला मागून फुगवटा आहे, बोट प्रत्यक्ष टेकवूनच दिलेला आहे. मग चष्मा काढून त्यांनी मला विचारलं, या बाईने मधली आठ-नऊ वर्षं काहीच काम केलं नाही का? कापूस वेचणाऱ्या बाईचं बोट वर्षागणिक झिजतं, बोंडाची टोकं रेघा खातात. हिची एकही रेघ आणखी झिजलेली नाही. मी उठून चहा केला.

कोर्टात आपला नंबर दुपारी लागला. सरकारी वकील म्हणाले, आधीच्या हुकुमाचं पालन झालं आहे. न्यायमूर्तींनी माझ्याकडे पाहून विचारलं, "अशिलाचं समाधान झालं आहे का?"

माझ्या फाइलीत आत्याबाईंचा मृत्यूचा दाखला होता. तो पुढे केला असता तर कोर्टाने चौकशी लावली असती, आणि ती लावणं योग्यच झालं असतं. कारकून घरी बसला असता. बेचाळीस नंबर पंचांसमक्ष उघडला असता. मी तो दाखला हातात धरून उभी होते आणि डोळ्यांसमोर तू लिहिलेली ती मातीत उमटलेली बोटं येत होती.

मी म्हणाले, "होय. हुकुमाचं पालन झालं आहे. याचिका आता उरत नाही."

दोन मिनिटांत संपलं. पुढचं प्रकरण पुकारलं गेलं. नलू, मी कोर्टाशी खोटं बोलले का? एकेक शब्द तपासला तर तसं म्हणता येत नाही. पण जे सांगायला हवं होतं ते मी सांगितलं नाही, आणि हे वीस वर्षांत पहिल्यांदा.  

निकालाची प्रत सोबत आहे. सात ओळींचा आहे. तिसऱ्या ओळीत लिहिलं आहे, "अर्जदाराची मुलगी गौतमी." सरकारी पंचनाम्यातून उतरलं आहे ते, पण आता कोर्टाचं झालं.

भाऊजींना तू अजून काही सांगितलेलं दिसत नाही. सांग. हे एकटीने जपायचं नाही.

तुझी,
सुनीती


टेंभुरदरा
९ जुलै २००६

प्रिय सुनीती,

निकाल पोचला. तू स्वतःला दोष देऊ नकोस. तू बोलली असतीस तर त्यांनी तिला दुसऱ्यांदा मातीतून काढलं असतं आणि मी ते पाहत उभी राहू शकले नसते.

पाणी वर आलं आहे. नाल्याचं पहिलं वळण दिसत नाही. दुसऱ्या वळणावर बेहडा अर्धा पाण्यात उभा आहे. बापूजी रोज जाऊन पाहून येतात आणि कोणाचं काय बुडालं ते सांगतात. मी एकदाच गेले.

ह्यांना सांगितलं. गेल्या रविवारी सकाळी, अंगणात. निकालच हातात दिला. हे हळू वाचतात, ओठ हलवत. तिसऱ्या ओळीत ओठ थांबले. मला वाटलं, मुलीबद्दल वाचून वाईट वाटलं असेल. पण हे म्हणाले, "हे नाव तुले कोणं सांगितलं?"

मी सगळं सांगितलं, पंचनामा, उकंडा, काका, सगळं.  मग हे म्हणाले, ते नाव ह्यांनी आधी ऐकलं होतं. आत्याबाई जायच्या आदल्या दिवशी, दुपारी, मी अंगणवाडीत होते तेव्हा. अंगात ताप होता, हे उशाशी बसून वारा घालत होते. त्या सारख्या गौतमी, गौतमी म्हणत होत्या. ह्यांनी विचारलं, कोण गौतमी? त्या म्हणाल्या, "नलूची पोरगी. मीच ठेवलं नाव. तिच्या कानात सांगतलं, नलूले नाही सांगतलं, ते आणखीन रडली असती." आणि थोड्या वेळाने डोळे मिटूनच म्हणाल्या, "पाण्यात नाही राहू द्याची तिले. तुमाले नाही सापडाची. मीच आणतो."

१९९८ साली धरणाची मोजणीही झालेली नव्हती. ह्यांना वाटलं, तहान लागली म्हणून पाणी पाणी करते आहे. त्यांनी चमच्याने पाणी पाजलं. मला हे सांगितलं नाही, कारण ह्यांनाही वाटलं, मी रडेन. आठ वर्षं एका घरात मी जागा लपवून ठेवली होती आणि ह्यांनी नाव.

मी विचारलं, "मग तुम्ही आत्याबाईंना काय म्हणालात?"

ह्यांनी निकालाच्या कागदाची घडी घातली. मग म्हणाले, "मले वाटलं, तापात बोलून राह्यली. मायचं मन राखाव म्हणून म्हटलं, बरं, आण."

तुझी,
नलू